एकसष्ट किलोचे दोन चॅम्पियन

बॉक्सिंगच्या जिममध्ये हाताला गुंडाळायच्या पट्ट्या असतात. धुऊन दोरीवर टाकल्या की वाऱ्यानं एकमेकींत अशा गुंततात, की एक ओढायला जावं तर पाच हातात येतात. आमच्या जिममधल्या किश्शांचंही तसंच झालंय. परवा कंपनीच्या बसमध्ये शेजारच्यानं सहज विचारलं, तुमच्या त्या दोन चॅम्पियनच्या मॅचचं शेवटी झालं काय? मी सांगायला लागलो, आणि त्याचा वाकडचा स्टॉप निघून गेला.

जिम भुकूमला आहे. आधी तिथं कोंबड्यांचं शेड होतं. उकाडा वाढला की अजून थोडा वास येतो, पण नाकावर चार ठोसे बसले की तोही येईनासा होतो. चालवतात सुभेदार ढमाले. फौजेत बॉक्सिंग खेळले, रिटायर होऊन गावी आले आणि शेड भाड्यानं घेतलं. कमी बोलणारा माणूस. मी नांद्याचा, हिंजवडीत एका कंपनीच्या बसगाड्यांचं वेळापत्रक बघतो. पोट कमी करायला म्हणून जिममध्ये गेलो होतो. पहिल्याच आठवड्यात माझ्या नाकातून रक्त आलं. सुभेदारांनी कापूस दिला, माझ्याकडे नीट पाहिलं आणि म्हणाले, "तुमचा हात घंटेवर चांगला बसेल." तेव्हापासून मी टाइमकीपर. तीन मिनिटांचा राउंड, एक मिनिटाची विश्रांती, मध्ये घंटा. एवढंच काम.

*

आमचे दोन चॅम्पियन म्हणजे समीर तांबोळी आणि धोंडिबा कोकरे. समीर पौडचा, त्याच्या वडिलांचं बाजारात बांगड्यांचं दुकान. धोंडिबा मुठा खोऱ्यातला, घरी शेरडं-मेंढरं. दोघं शाळेत असल्यापासून सुभेदारांकडे, दोघं एकसष्ट किलोचे.

आता प्रोफेशनल बॉक्सिंगची गंमत अशी, की चॅम्पियन ठरवणाऱ्या संस्था एकापेक्षा जास्त असतात आणि प्रत्येकीचा बेल्ट वेगळा. समीरनं एका संस्थेचा बेल्ट कोल्हापुरात जिंकला. चार महिन्यांनी धोंडिबानं दुसऱ्या संस्थेचा गोव्यात जिंकला. पौड रस्त्याच्या एका अंगाला समीरचा फ्लेक्स लागला, दुसऱ्या अंगाला धोंडिबाचा, आणि दोन्हींवर लिहिलं होतं, "देशाचा एकमेव चॅम्पियन". मधून पीएमपीची बस जायची. लोक डावीकडे वाचायचे, मग उजवीकडे वाचायचे आणि कंडक्टरला विचारायचे.

शेवटी दोन्ही संस्था एकत्र बसल्या. ठरलं की दोघांची मॅच लावायची. जिंकेल त्याला दोन्ही बेल्ट, आणि पुढची मॅच थेट बँकॉकला. याला म्हणे टायटलचं एकत्रीकरण म्हणतात.

धोंडिबाचे वडील बिरूआबा हे सगळं ऐकायला जिममध्ये आले होते. सुभेदारांनी त्यांना समजावलं, की दोन पट्टे आहेत, ते एकत्र करायचेत. आबांनी दोन्ही बेल्ट हातात घेतले, उलटे करून शिवण बघितली.

"मग एवढंच हाय तर पौडच्या बाजारात तो चपला शिवणारा बसतोय. त्यो दीलकी जोडून. पोरं कशाला मारायची?"

 सुभेदार नंतर मला एकदा म्हणाले, की या मॅचबद्दल मी जेवढं ऐकलं त्यात शहाणपणाचं वाक्य तेवढंच.

*

खरी अडचण वेगळीच होती. चॅम्पियन दोन आणि कोच एक. दुसऱ्या कोचकडे जायला दोघंही तयार नव्हते, आणि एकाला नाही म्हणणं सुभेदारांना जमेना. मग त्यांनी शेडच्या मधोमध हिरवी शेडनेट टांगली, नर्सरीत असते तशी. एका बाजूला समीर, दुसऱ्या बाजूला धोंडिबा. अर्धा तास इकडे शिकवायचं, की धोंडिबाला कसं हरवावं. मग जाळी उचलून पलीकडे जायचं आणि शिकवायचं, की समीरला कसं हरवावं. बोलायचं हळू. पण जाळीच ती, तिच्यातून वारा जातो तर आवाज का जाणार नाही? सुभेदार अलीकडे डावपेच सांगत असले की पलीकडे दोरीवरच्या उड्या थांबायच्या.

सुभेदारांनी दोन वह्या केल्या होत्या. एकीत समीरच्या चुका, ती धोंडिबासाठी. दुसरीत धोंडिबाच्या चुका, ती समीरसाठी. आणि ज्या माणसानं फौजेत कधी सही चुकवली नाही, त्यानं वह्यांची अदलाबदल केली. समीरनं घरी जाऊन वही उघडली तर पहिल्याच पानावर, "मारल्यानंतर डावा हात खाली पडतो. तिसऱ्या राउंडनंतर आळशी. कौतुक केलं की बिघडतो." धोंडिबाच्या वहीत होतं, "पाय जड. रागावला की डोळे मिटून मारतो. सांगितलेलं एका कानानं ऐकतो."

दोघांनाही फार लागलं. समीर दोन दिवस आलाच नाही. तिसऱ्या दिवशी आला तो डावा हात हनुवटीला दोरीनं बांधून. धोंडिबा डोळे ताणून ताणून मारायला लागला, इतके की पापण्या लवायच्या नाहीत. महिनाभरात दोघांच्या वह्यांतली एकही चूक उरली नाही.

सुभेदारांची सगळी योजना त्या चुकांवर उभी होती. ते माझ्या टेबलाशी येऊन बसले. "इतकी वर्षं सांगत होतो, ऐकलं नाही," म्हणाले. "शत्रूसाठी लिहिलं तेव्हा ऐकलं."

*

मॅचच्या आधी पत्रकार परिषद असते. पिरंगुटच्या एका हॉटेलात ठेवली होती. आयोजक पुण्याचा, टीव्हीवर परदेशातल्या मॅचेस बघून तयार झालेला. त्याला हवं होतं, की दोघांनी नाकाला नाक लावून एकमेकांकडे खुनशी नजरेनं बघावं. दोघं उभे राहिले. धोंडिबानं हळूच समीरला विचारलं, मावशीचा गुडघा कसाय? समीर म्हणाला, जिना चढताना दुखतो अजून. सगळं माइकवर ऐकू गेलं.

आयोजक हवालदिल झाला. त्यानं हात जोडून विनंती केली, की काहीतरी झोंबणारं बोला, नाहीतर मॅच बघायला कुणी येणार नाही. समीरला काही सुचेना. धोंडिबानं मात्र विनंती मनावर घेतली. आढ्याकडे बघत त्यानं चांगलं मिनिटभर विचार केला. मी सवयीनं घड्याळ लावलं होतं.

मग म्हणाला, "ह्यांच्या घरचा चहा लई पातळ असतोय."

समीरचा चेहराच बदलला. पण समीरचं जाऊ द्या, पौडला समीरची आई, शमीममावशी, मोबाइलवर हे सगळं थेट बघत होत्या. धोंडिबा शाळेपासून त्यांच्या घरी जेवलेला, शनिवारच्या बाजाराला आला की मुक्कामच तिथं. मावशींनी तेवढ्यात समीरला फोन लावला आणि त्यानं तो, घ्यायला नको होता, पण स्पीकरवर घेतला.

"त्याला म्हणावं, नऊ वर्षं हाच चहा पिऊन तू एकसष्ट किलोचा झालास. आता ये बाजाराला."

एवढी गाजलेली मॅच, पण तिच्यात खरं वैर झालं ते एवढंच, आणि तेही तिसऱ्याच माणसाशी. पुढचे तीन शनिवार धोंडिबा बाजाराला आला की बांगड्यांचं दुकान चुकवून मागच्या गल्लीनं जायचा.

*

आदल्या दिवशी वजन करतात. एकसष्टच्या वर काटा गेला तर बेल्ट जातो, मॅच न खेळता. वजनाला दोन्ही संस्थांनी मिळून पाठवलेले एक निरीक्षक आले होते. इस्त्रीचा शर्ट, हातात नियमांचं जाड पुस्तक. त्यांच्या मशिनचे सेल उतरले होते की जिमची फरशी वाकडी, देव जाणे. समीर एकदा उभा राहिला तर अठ्ठावन्न, उतरून परत चढला तर चौसष्ट. तिसऱ्यांदा आकडाच नाही, नुसती एचआय अशी इंग्रजी अक्षरं आली.

निरीक्षक पुस्तक चाळायला लागले. बिरूआबा कोपऱ्यात बसून हे बघत होते. ते उठले, समीरजवळ गेले, खाली वाकले आणि त्याच्या कमरेला मिठी मारून त्याला जमिनीवरून वीतभर उचललं. बोकड विकत घेताना उचलतात तसं. दोन क्षण धरलं, खाली ठेवलं.

"पावशेर जास्त हाय."

मग स्वतःच्या पोराला उचललं. "हे बरूबर हाय."

निरीक्षक हसले. तोवर धान्याच्या दुकानातून मोठा काटा आला. समीर एकसष्ट किलो दोनशे साठ ग्रॅम. धोंडिबा बरोबर एकसष्ट. निरीक्षकांनी आबांकडे पाहिलं आणि हातातलं पुस्तक मिटलं.

समीरला दोन तासांची मुदत मिळाली. भर मे महिन्यात अंगात दोन स्वेटर घालून तो डांबरी रस्त्यानं पळत सुटला. मी मोटारसायकलवर मागे. पहिल्या चढालाच तो लटपटला. तेवढ्यात मागून कुणीतरी पळत आलं. बघतो तर धोंडिबा. त्याचं वजन झालं होतं, त्याला फक्त बसून केळी खायची होती. पण तो समीरच्या शेजारी येऊन पळायला लागला, त्याच चालीनं. दोघं एक शब्द बोलले नाहीत. चहाचं अजून मिटलं नव्हतं ना. तिसऱ्या फेरीला समीर थांबू लागला तर धोंडिबानं त्याच्या स्वेटरची बाही धरली आणि ओढत नेलं.

परत काट्यावर चढला तेव्हा एकसष्टला वीस ग्रॅम कमी.

*

मॅच रविवारी दुपारी चार वाजता, एका लग्नाच्या लॉनवर. रिंग बोहल्याच्या जागी. सूत्रसंचालकही लॉनचाच, त्याचं सगळं आयुष्य साखरपुड्यांत गेलेलं. त्यानं सुरुवातच केली, "दोन्ही परिवारांचं मनःपूर्वक स्वागत." मग सत्कार. व्यासपीठावर अकरा पाहुणे, प्रत्येकाचा सत्कार, प्रत्येकाचे दोन शब्द. दोघं पोरं ग्लोव्हज चढवून, अंग गरम करून उभी. त्यांनाही शाल आणि नारळ दिला. ग्लोव्हजमध्ये नारळ धरता येत नाही, तो धोंडिबाच्या हातातून सुटून एका पाहुण्याच्या पायावर पडला. मॅचमधली पहिली दुखापत तीच.

पाचव्या पाहुण्यानं मातीतल्या कुस्तीची परंपरा सांगायला घेतली तेव्हा दोघांना मागच्या नवरा-नवरीच्या सोफ्यावर बसवलं. सातव्या पाहुण्यापर्यंत समीरला झोप लागली होती, मान धोंडिबाच्या खांद्यावर. धोंडिबा त्याला उठवायला नको म्हणून ताठ बसून होता. तो फोटो दुसऱ्या दिवशी पेपरात आला. खाली छापलं होतं, "लढतीपूर्वी दोन्ही वीर".

*

निकाल आधीच सांगून टाकतो, म्हणजे तुमचा जीव टांगणीला लागायला नको. निकाल लागलाच नाही. दोन बेल्ट आजही दोन घरांत आहेत, बँकॉकला कुणीच गेलं नाही, आणि दोघंही रोज पहाटे आमच्या शेडमध्ये येतात. का लागला नाही, ते सांगतो.

एकच माणूस दोन्ही कोपऱ्यांत कसा, असा प्रश्न निरीक्षकांनी सकाळीच काढला होता. सुभेदारांनी लेखी अर्ज दिला, एका ओळीचा, "दोघेही माझेच आहेत." पुस्तकात याविरुद्ध काही सापडलं नाही म्हणून त्यांनी परवानगी दिली. समीरच्या कोपऱ्यात मदतीला त्याचा मेहुणा, धोंडिबाच्या कोपऱ्यात बिरूआबा.

दहा राउंडची मॅच. मी घंटा वाजवली की सुभेदार आधी समीरकडे, तीस सेकंद. मग रिंगला वळसा घालून धोंडिबाकडे, तीस सेकंद. पुढच्या विश्रांतीला आधी धोंडिबा, मग समीर. साठीचा माणूस, पण एकदाही उशीर नाही. एकाला सांगायचे, उजवीकडे सरक. दुसऱ्याला सांगायचे, तो उजवीकडे सरकेल.

सहाव्या राउंडनंतर सांगण्यासारखं काही राहिलं नाही. दोघंही सगळं शिकले होते. एकजण मारायचा, दुसरा मारायचा. चुकवायला जागा नव्हती, कारण चुकाच नव्हत्या. समीरची डावी भुवई फाटली आणि तो डोळा मिटत चालला. धोंडिबाचे पाय एकाच जागी रुतल्यासारखे झाले. सुभेदार आता दोन्ही कोपऱ्यांत जाऊन एवढंच म्हणत होते, "श्वास घे."

आठव्यानंतर ते कोणत्याच कोपऱ्यात गेले नाहीत. माझ्या टेबलाशी येऊन उभे राहिले. नववा राउंड सुरू झाला. सगळं लॉन खुर्च्यांवर चढलं होतं, कोणी समीर ओरडत होतं, कोणी धोंडिबा. सुभेदारांच्या तोंडून मला दोन्ही नावं ऐकू येत होती, एकामागून एक, हळू आवाजात.

राउंडचं एक मिनिट उरलं असताना त्यांनी खांद्यावरचा टॉवेल काढला आणि रिंगमध्ये टाकला.

बॉक्सिंगमध्ये टॉवेल टाकला की त्या कोपऱ्यातला खेळाडू हरला, एवढं लॉनवरच्या पोराटोरांनाही माहीत. रेफ्रीनं दोघांना बाजूला केलं. टॉवेल बरोबर मधोमध पडला होता. रेफ्री समीरच्या कोपऱ्यात गेला, तर मेहुण्यानं नकारार्थी मान हलवली. धोंडिबाच्या कोपऱ्यात गेला, तर बिरूआबांनी गळ्यातला टॉवेल दाखवला, "आमचा हितं हाय."

मग सुभेदारांनी हात वर केला.

निरीक्षक पुस्तक घेऊन आले. पानं उलटली, परत उलटली.  शेवटी त्यांनी पुस्तक काखेत घेतलं आणि अगदी अदबीनं विचारलं, "सुभेदारसाहेब, टॉवेल कुणाच्या वतीनं टाकलात?"

सुभेदारांनी एकदा समीरकडे पाहिलं, एकदा धोंडिबाकडे.

"माझ्या."