गोविंदरावांचे तीन डबे

गोविंदराव कुणालाही भेटले की नमस्काराच्या आधी नाव विचारायचे. नाव गोविंद निघालं तर माणसाला खुर्ची, पाणी आणि शर्टाच्या खिशातून निघालेलं एक पांढरं कार्ड. नाही निघालं तर "बरं." बडा गणपतीजवळच्या आमच्या मराठी वाचनालयात मी पहिल्यांदा गेले तेव्हा मला ते "बरं" मिळालं. "केतकी," मी म्हणाले. "बरं," ते म्हणाले, आणि भलत्याच नंबरची बस आल्यावर माणूस जसा पुन्हा रस्त्याकडे बघायला लागतो, तसे माझ्या खांद्यावरून दाराकडे बघायला लागले.

वीज खात्यातून बडे बाबू, म्हणजे हेडक्लार्क, म्हणून निवृत्त झालेला हा माणूस वाचनालयाचा सचिव होता आणि तीस वर्षं एकच पुस्तक लिहीत होता. त्याचं नाव 'गोविंदमाला'. इतिहासात होऊन गेलेले सगळे उल्लेखनीय गोविंद एका पुस्तकात. त्यात राजे होते, दिवाण होते, कीर्तनकार होते, घोड्यांचा एक वैद्य होता, ताम्रपटावर अक्षरं कोरणारा कुणी कारागीर होता आणि कुठल्याशा संस्थानाचा खजिना घेऊन पळालेला एक कारकूनही होता. या सगळ्यांत सारखं काय, असं मी एकदा विचारलं. "नाव," ते म्हणाले. आणि वर, "और क्या चाहिए, भिया?" भिया म्हणजे भैया; बायकांनाही ते भियाच म्हणायचे.

मला हा उद्योग पहिल्या दिवसापासून भिकार वाटला. दोनशे घरांतल्या आईबापांनी बारशाला एकच नाव ठेवलं, यात कुणाचं काय कर्तृत्व? पण हे स्वतः गोविंद. त्यामुळे राजाच्या तलवारीला यांचाही थोडा हात लागलेला, कीर्तनकाराच्या गळ्यात यांचाही थोडा सूर. जन्मभर मीटरचे आकडे तपासलेल्या माणसाला हे फार स्वस्तात पडत होतं.

पद्धत मात्र कडक. जिवंत गोविंदही ते सोडत नसत. "उद्या कोण मोठा होईल सांगता येतं का? तेव्हा आपल्याकडे नोंद पाहिजे." कार्डावर नाव, काम, कुणी पाठवलं, तारीख, वेळ, शेरा आणि खाली त्या माणसाची सही किंवा अंगठा. मग कार्ड बिस्किटांच्या तीन जुन्या पत्र्याच्या डब्यांपैकी एकात जायचं: पात्र, विचाराधीन, अपात्र. अपात्र कार्डावर 'अपात्र' असा शिक्का मारून पुन्हा तारीख घालायची. फेकायचं काहीच नाही. "कागद बोलतो, माणूस बडबडतो," हे त्यांचं आवडतं वाक्य. कुणी दोन मिनिटांपेक्षा जास्त बोललं की ते चिकटवलंच म्हणून समजा.

आता दुसऱ्या गोविंदबद्दल. तो गटाराच्या चेंबरमध्ये उतरून सफाई करायचा. वाचनालयाच्या मागच्या गल्लीत एका सकाळी अकराच्या सुमारास तो खाली उतरला आणि वर आला नाही. सगळ्या देशात स्वच्छ म्हणून मिरवणाऱ्या शहरात माणूस दोरी बांधून खाली सोडतात, हे लिहायला मला वेगळं पत्रक लागेल. इथे एवढंच सांगते, की ठेकेदाराने जबाब दिला: गोविंद त्या दिवशी कामावर नव्हताच, दारू पिऊन आला आणि आपल्या मर्जीने उतरला. रक्तात दारू होती का, याचा लॅबचा रिपोर्ट महिनोन्‌महिने आला नाही. तोवर कागदावर "नशे में" हे दोन शब्द बसून राहिले. त्याची बायको गीताबाई आमच्या सफाई कामगार संघटनेत आली तेव्हा तिने दुसरं काही मागितलं नाही. "दीदी, वो दो शब्द हटवा दो. लड़की को स्कूल में बेवड़े की लड़की बोलते हैं."

साक्षीदार एकच, मुकेश. तोही त्याच ठेकेदाराकडचा, म्हणून चौकशीत त्याची जीभ उचलेना. पण मला त्याने एक गोष्ट सांगितली. उतरण्याआधी गोविंद वाचनालयात पाणी प्यायला गेला होता आणि हसत परत आला होता. "वो बोला, अंदर एक बाबा है यार, पानी पिलाया और साइन भी ले ली."

मी गीताबाईला घेऊन तडक वाचनालयात गेले.

"काका, त्या सकाळी गोविंद नावाचा सफाई कामगार आला होता. त्याचं कार्ड हवंय."

"कोण म्हणालं?"

"मुकेश."

"मुकेश," ते म्हणाले. "बरं."

मग गीताबाईकडे वळून अगदी सभ्यपणे त्यांनी विचारलं, "आपके पति ने कोई उल्लेखनीय काम किया था? कोई पुरस्कार? पेपर में नाम?"

गीताबाई म्हणाली, "पंद्रह फुट नीचे उतरते थे, बाबूजी. आप कभी उतरे हो?"

त्यांनी चष्मा काढून पुसला. मला म्हणाले, "हे बघ, अपात्र डब्यातले कागद बाहेर जात नाहीत. ऑफिसातही नव्हते जात."

"म्हणजे कार्ड आहे."

"असेल. पण दिवाळीनंतर प्रकाशन आहे. पोलीस, चौकशी, पेपरवाले. उद्या लोक म्हणतील, गोविंदमाला यानी वो गटरवाला मामला."

"खजिना पळवणारा चालतो?"

"त्याच्यावर बखरीत दोन ओळी आहेत."

"आणि ताम्रपटवाला? त्याने काय केलं?"

"अक्षरं कोरली. टिकली."

"गोविंद उतरला नसता तर तुमचं वाचनालय टिकलं नसतं, काका. गटाराच्या पाण्यात तुमचे राजे पोहले असते."

"तू पत्रकं लिहितेस ना," ते शांतपणे म्हणाले. "त्यातलं वाक्य वाटतंय."

होतंच ते. म्हणून मी खरोखरच पत्रक काढलं. मथळा: 'गोविंदराव, कार्ड द्या!' बडा गणपतीच्या चौकात दोन दिवस वाटलं. तिसऱ्या दिवशी वाचनालयाचा शिपाई त्याचीच एक प्रत मला आणून देऊन गेला. वर शिक्का: 'नस्तीबद्ध'. म्हणजे फाईल केलं, विषय संपला. खाली तारीख आणि वेळ.

असे आठ महिने गेले. मी अर्ज केले, चौकशी अधिकाऱ्याला भेटले. कार्ड मागवून घ्या, असं मी म्हणाले, तर त्याने विचारलं, कार्ड तुम्ही पाहिलंय का? पाहिलं नव्हतं. प्रकाशन दोनदा पुढे गेलं, कारण दर वेळी एखादा नवा गोविंद सापडायचा. आणि मग एका सकाळी, अर्धं पुस्तक टेबलावर तसंच ठेवून, गोविंदराव झटक्याने गेले. शोकसभेत मला दोन शब्द बोलायला सांगितलं. माझे दोनात बसणारे नव्हते, म्हणून मी गेले नाही.

तेराव्यानंतर त्यांच्या बायकोचा, नलूकाकूंचा, फोन आला. "ते डबे ने बाई. मुलगा रद्दीवाल्याला बोलावतोय. तुला काही तरी हवं होतं ना त्यातलं?"

"तुम्हाला माहीत होतं, काकू?"

"घरात राहत होते गं मी. पण त्यांच्या डब्यांना हात लावायची सोय नव्हती." मग म्हणाल्या, "माझं नाव त्यांनी लग्नानंतर बदललं नाही, तेवढं नशीब. नाहीतर गोविंदी म्हणाले असते."

अपात्रचा डबा सगळ्यात जड होता. त्यात रिक्षावाले होते, सराफ्यातला जलेबीवाला होता, भंवरकुआंला कोचिंगसाठी आलेली पोरं होती. सगळे गोविंद, सगळ्यांवर शिक्का. विचाराधीनच्या डब्यात सगळ्यात वर एक कार्ड होतं, पिवळं पडलेलं. नाव त्यांचंच. काम: सेवानिवृत्त. शेरा कोरा. तीस वर्षं गोविंद लिहिणाऱ्या या माणसाला स्वतःबद्दल एक ओळ लिहिता आली नव्हती. मला क्षणभर वाईट वाटलं. मग गीताबाईची मुलगी आठवली. अपात्रचा शिक्का डब्यातच होता. मी तो त्या कार्डावर मारला, तारीख घातली आणि कार्ड जड डब्यात टाकलं.

दुसऱ्या गोविंदचं कार्ड त्यानंतर सापडलं. काम: चेंबर सफाई. कुणी पाठवलं: ठेकेदाराचा सुपरवायझर, मागच्या गल्लीचे काम. वेळ: सकाळी दहा वाजून चाळीस मिनिटे. शेरा: 'बोलणे स्पष्ट. चाल व्यवस्थित. दोन पेले पाणी घेतले. आभार मानले. उल्लेखनीय काही नाही.' खाली गोविंदची वाकडीतिकडी सही आणि वर शिक्का.

गोविंदरावांनी हे गोविंदसाठी लिहिलं नव्हतं. त्यांनी ते सवयीने लिहिलं. दाराशी कुत्रं आलं असतं आणि त्याचं नाव गोविंद असतं, तरी त्याची चाल लिहिली असती. त्यामुळे कुणी मला आभार मानायला सांगू नये. मी मागितल्यावरही हा कागद आठ महिने बिस्किटांच्या डब्यात होता, आणि तो तिथे आहे हे त्यांना माहीत होतं.

चौकशी अधिकाऱ्याला मराठी वाचता येत नव्हतं. मी हिंदीत अनुवाद करून दिला. एकही शब्द गाळला नाही, शेवटचे तीनही नाही. अक्षर वीज खात्यातल्या जुन्या फाइलींशी जुळवून पाहिलं गेलं. मुकेशलाही मग कंठ फुटला. नव्या अहवालात "नशे में" नाही. "काम पर" आहे.

कचेरीच्या पायऱ्यांवर गीताबाईने ते कार्ड हातात घेतलं. आधी सहीवरून बोट फिरवलं. मग मला परत दिलं. "जैसा लिखा है वैसा सुनाओ. मराठी में ही."

मी वाचलं. बोलणे स्पष्ट. चाल व्यवस्थित. दोन पेले पाणी घेतले. आभार मानले.

"हां," ती म्हणाली. "पानी के लिए भी धन्यवाद बोलते थे." मग कार्डावर टेकलेल्या माझ्या अंगठ्याकडे बघत, "और नीचे?"

"नीचे तारीख है," मी म्हणाले, आणि अंगठा हलवला नाही.