भर दुपारची बत्ती

साळूआबांना मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ते भर दुपारी बत्ती पेटवत होते. श्रावण होता. लोणावळ्याचं धुकं खिडकीतून सरळ स्वयंपाकघरात येऊन बसलं होतं, त्यामुळे अंधारून आलंय म्हणून पेटवत असतील असं मला वाटलं. रेल्वेतली जुनी हातबत्ती होती ती. त्यांनी काच पुसली, वात सारखी केली, बत्ती शेगडीशेजारच्या फळीवर ठेवली आणि मग हिरव्या बाटलीतली वाइन फ्रायपॅनमध्ये ओतली. चुर्र आवाज होऊन वाफ उठली आणि बत्तीचा उजेड त्या वाफेत पिवळा होऊन पसरला. दारात बंगल्याची मालकीण हात जोडून, डोळे मिटून उभी होती. मी मात्र नाकाला पदर लावून मागे सरले, कारण पॅनमध्ये डुकराचं मांस होतं.

मी तेव्हा लोणावळ्याच्या शाळेत नुकतीच शिक्षिका म्हणून आले होते. यजमान गेल्यावर ट्रेनिंग केलं आणि पुण्याच्या नातेवाइकांच्या दयेतून सुटण्यासाठी मिळेल ती नोकरी धरली. या बंगल्याची मागची खोली मला राहायला मिळाली ती एका अटीवर. मालकिणीला मराठी लिहावाचायला शिकवायचं. ती एका इंग्रज इंजिनियरची विधवा. साहेब घाटातल्या रेल्वेच्या कामावर होता, पहिल्या लढाईनंतरच्या साथीच्या तापात गेला. ती मायदेशी परत गेली नाही. गावातले लोक तिला मडम म्हणायचे, मीही म्हणू लागले.

साळूआबा कुरवंड्याचे. रोज पहाटे डोंगरवाटेने उतरून बंगल्यावर यायचे आणि दिवस कलायच्या आत परत जायचे. उंच, वाळकं शरीर, पांढऱ्या मिशा, गळ्यात तुळशीची माळ. होय, माळ. मासमच्छी, दारू यांना आयुष्यात न शिवलेला हा माळकरी दर रविवारी दुपारी मडमसाठी डुकराच्या चापा वाइनमध्ये शिजवायचा. चॉप्स या शब्दाला त्यांनी दिलेलं रूप मला व्याकरणदृष्ट्या निर्दोष वाटायचं. एक चाप, दोन चापा.

माझा स्वभाव दुरुस्तीचा. लाल पेन्सिल नेहमी जवळ असे, आणि ती फक्त वह्यांवरच चालायची असं नाही. त्यामुळे पहिल्या महिन्यातच मी आबांना गाठलं आणि माळ घालून हे कसं चालतं असं विचारलं. ते गाजरं सोलत होते. राग नाही, लाज नाही. "बाई," ते म्हणाले, "हात माझं, कान माझं. जीभ मडमची. मी न्हाई चाखत."

त्यांनी खरंच कधी चाखलं नाही. सारा स्वयंपाक ते कानाने करायचे. चापांना मीठमिरे चोळून, मैद्यात घोळवून लोण्यात टाकल्या की डोळे मिटून, मान किंचित कलती करून उभे राहायचे. आधी जोराचा तडतडाट. मग आवाज जरा जाड व्हायचा. तेवढ्यात त्या उलटायच्या. दोन्ही बाजू तांबूस झाल्या की काढून ठेवायच्या आणि त्याच पॅनमध्ये छोटे कांदे, गाजरं, परसातल्या फरसबीच्या शेंगा. मग बत्ती. मग वाइन. तळाला धरलेलं सगळं लाकडी उलथन्याने खरवडून त्या रसात मिसळायचं, चापा परत आत ठेवायच्या आणि झाकण. आच इतकी मंद की झाकणाखाली कोणीतरी पुटपुटतंय असं वाटावं. "बोलतंय तवर कच्चं," आबा म्हणायचे. "कुजबुजाया लागलं की उतराया घ्यायचं."

मग मडम चमचा बुडवून चव घ्यायची आणि एका शब्दात सांगायची. मीठ. किंवा आंबट. किंवा नुसतीच मान हलवायची, आणि आबांच्या मिशा हलायच्या.

हळूहळू माझा नाकावरचा पदर खाली आला. खाल्लं मी कधीच नाही. पण रविवारी दुपारी शाळेच्या वह्या घेऊन मी स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी बसायला लागले. बाहेर धुकं झाडांवरून उतरत असायचं, घाटातून गाडीची लांब शिटी यायची, आणि वाइनचा, लोण्याचा, गाजराचा तो वास धुक्यात मिसळून सगळ्या घरभर हिंडायचा. वह्यांतली अक्षरं पुसट व्हायची. त्या तासाभरात मी कोणाची विधवा, कुठल्या गावची, काहीच आठवत नसे. इतकं हलकं मला दुसरीकडे कुठेच वाटलेलं नाही.

मार्गशीर्ष आला, लख्ख ऊन पडलं, तरी आबा बत्ती पेटवतच राहिले. तेव्हा मात्र माझी पेन्सिल वळवळली. आणि नेमकं त्याच आठवड्यात मडमने धड्यात दिवा हा शब्द शिकल्यावर मला विचारलं की रविवारी शेगडीशेजारी दिवा लावायची तुमच्या लोकांची ही पद्धत कुठल्या देवाची. मी म्हटलं, आमच्यात अशी पद्धतच नाही. ती म्हणाली, असं कसं, आबा तर वीसेक वर्षं लावतो आहे.

मी आबांना विचारलं. ते माझ्याकडे अशा नजरेने बघत राहिले की मीच काहीतरी खुळ्यासारखं बोलले असावे. "आमची रीत न्हाई ती. मडमची हाय. तिनंच सांगितलं पहिल्या दिशी. लाइट वाइन."

दोघांच्या बोलण्यातून मी जुळवलं ते असं. आबा पूर्वी रेल्वेत होते, घाटातल्या सिग्नलच्या बत्त्या पुसायच्या नि पेटवायच्या कामावर. साहेबाने त्यांना बंगल्यावर आणलं आणि त्याच वर्षी साहेब गेला. रविवारच्या चापा तोवर मडम स्वतः साहेबासाठी करायची. तो गेल्यावर पहिल्या रविवारी तिला हात लावणं जमेना. तिने दारात उभं राहून आबांना एकेक सांगितलं, आणि शेवटी, आता लाइट वाइन सॉस. हलका, पातळसर रस, एवढाच अर्थ. आबांना इंग्रजीतले पाचसहा शब्द येत, त्यातला सगळ्यात ओळखीचा हाच, लाइट, म्हणजे बत्ती. ते धावत जाऊन आपली बत्ती घेऊन आले, पेटवली, शेगडीजवळ ठेवली आणि वाइन ओतली. मडमने पाहिलं, भर दुपारी हा माणूस दिवा लावतो आहे. माणूस गेला की त्या जागी दिवा लावतात, हे तिने इथल्या घरांतून पाहिलं होतं. तिला वाटलं, हा साहेबासाठी लावतोय. तिने हात जोडले. आबांनी ते हात पाहिले आणि त्यांची खात्री पटली की बत्ती बरोबर आहे.

मला हसू आवरेना. तशीच धावत जाऊन मी मडमला सगळं सांगितलं. ती हसली नाही. मग तिने सांगितलं की साहेब गेल्यापासून ती चर्चमध्ये गेलेली नाही, देवाशी तिचं भांडण आहे. फक्त रविवारी, तो दिवा लागला की तेवढ्यापुरतं तिला त्याच्याशी बोलता येतं. आबांना हे कळू देऊ नकोस, एवढं ती म्हणाली. मी जीभ चावली आणि पेन्सिल ठेवून दिली.

पण गोष्ट तिथे थांबली नाही. कुरवंड्याच्या देवळात आबा पखवाज वाजवत. त्यांच्या वडिलांचा पखवाज होता तो, आणि सप्त्याला त्यांच्याशिवाय दुसऱ्या कोणाचा हात त्यावर पडत नसे. मी आल्याला दोन वर्षं झाली तेव्हा गावात कुजबुज वाढली. डुक्कर शिजवणाऱ्याचे हात देवापुढच्या पखवाजाला लागतात. गंमत अशी की कुजबुजणाऱ्यांत रानडुकराच्या शिकारीला जाणारेही होते, पण ते रानातलं आणि हे रेल्वेच्या पार्सलने आलेलं, असा त्यांचा हिशेब. आबांनी इतकंच सांगितलं होतं की तो मडमच्या देवाचा दिवा असतो, दिव्यापुढं शिजवलेलं अन्न मी बाटवत नाही आणि चाखत नाही. गाव म्हणालं, खात्री करू. सप्ता आठ दिवसांवर आला होता. पखवाज देवळात कुलपात ठेवला गेला आणि त्या आठवड्यात आबांना भात न खाताच डबा परत नेताना मी पाहिलं.

रविवारी दुपारी गावचे पाटील, बबनतात्या, दोघा जणांना घेऊन बंगल्यावर आले. बरोबर वेळ साधून आले. चापा झाकणाखाली होत्या, बत्ती फळीवर जळत होती, मडम दारात होती. तात्यांनी जोडे बाहेर काढले, आत पाऊल मात्र टाकलं नाही. मडमकडे न बघता ते माझ्याशी बोलले.

"बाई, तुमी मास्तरीन हाय. खोटं सांगनार न्हाई. ह्यो दिवा मडमच्या देवाचा हाय का, का आबा आमाला बनवतोय?"

खरं म्हणजे लाइट म्हणजे काय ते मला ठाऊक होतं. आबा माझ्याकडे बघत नव्हते. ते मान कलती करून पॅनचा आवाज ऐकत होते, नाहीतर ऐकतो आहोत असं दाखवत होते. मी इंग्रजीत भाषांतर करायला तोंड उघडलं, पण मडमने हाताने मला थांबवलं. प्रश्न तिला कळला होता. माझ्या दोन वर्षांच्या शिकवणीत ती कधी चार वाक्यं सलग बोलली नव्हती.

"ही दिवा माझा साहेबची आहे," ती म्हणाली. "आबा लावतो. मग मी देवाशी बोलते. दिवा नाही, तर मी बोलत नाही."

एका वाक्यात तीन चुका. मी एकही दुरुस्त केली नाही.

तात्या बराच वेळ बत्तीकडे बघत राहिले. बाहेर डोंगराच्या कडेने ढगांची सावली सरकत होती, तेवढंच हलत होतं. मग त्यांनी टोपी काढली आणि उंबऱ्याबाहेरून बत्तीला हात जोडले. बत्तीशेजारीच झाकणाखाली डुकराच्या चापा कुजबुजत होत्या. त्यांचंही दर्शन तात्यांना घडलं, पण ते मी कोणाला बोलून दाखवलं नाही. आबांनी पॅन उतरवला, तेव्हा कुठे त्यांचा श्वास सुटलेला मला ऐकू आला. सप्त्यात मी कुरवंड्याला गेले. पखवाज आबांच्याच मांडीवर होता.

दुसरी लढाई संपली. मडमचे डोळे अधू झाले होते. बहिणीने विलायतेहून बोलावलं आणि बंगला विकून ती निघाली. शेवटच्या रविवारी वाइन मिळाली नाही. आबांनी परसातल्या द्राक्षवेलीची आंबट द्राक्षं कुस्करून त्यांचा रस गाळला. बत्ती लावली. मडमने चमचा बुडवला आणि एकच शब्द म्हणाली, मराठीत, अगदी शुद्ध. "हलकं." आबांनी मान खाली घातली. गाडी सुटताना त्यांनी पुसून लखलखीत केलेली ती बत्ती तिच्या डब्यात ठेवली. "तिकडं कोन लावनार," इतकंच ते म्हणाले.

त्यानंतर चारेक वर्षांनी आबा अंथरुणाला खिळल्याचं कळलं म्हणून मी कुरवंड्याला गेले. त्यांना ओसरीवर आणून निजवलं होतं, तिथून खाली दरीतलं धुकं दिसायचं. घाटात कुठेतरी इंजिन चढत होतं. आबा ते डोळे मिटून ऐकत होते.

"मोकळं इंजन हाय," ते म्हणाले. "डबं न्हाईत मागं. बाई, आमच्या रेल्वेत ह्याला काय म्हनत्यात, ठावं हाय का?"

मला माहीत नव्हतं.

"लाइट इंजन." मिशांतून हसले. "लाइट म्हंजी हलकं. दुसऱ्याच वर्सी माझ्या ध्यानात आलं, मडम बत्ती मागत नव्हती. पर तवर ती त्या दिव्याम्होरं हात जोडून रडाया लागली व्हती. इतर कुटं रडायची न्हाई. म्हनलं, चुकलं तर चुकलं. आता कशाला इझवायचं."

पंचवीसेक वर्षं हा माणूस दर रविवारी जाणूनबुजून एक चूक करत आला होता, अंगारा लावावा इतक्या निष्ठेने. आणि त्याच चुकीपायी वडिलांचा पखवाज हातातून जाऊ द्यायला तयार झाला होता. त्या दिवशी तात्यांसमोर ते माझ्याकडे का बघत नव्हते, ते मला आत्ता कळलं. त्यांना माझीच भीती वाटत होती. मास्तरीण खरं सांगेल, आणि मडमचा दिवा विझेल.

त्यांनी गोधडी छातीपर्यंत ओढून घेतली. मला वाटलं डोळा लागला.

"बाई," त्यांनी विचारलं, "मडमला कळलं न्हाई ना कंदी?"

धुकं ओसरीच्या पायरीपर्यंत आलं होतं. मी त्यांचा हात हातात घेतला आणि म्हटलं, "नाही आबा. कधीच नाही."

"बेस झालं," ते म्हणाले, आणि समाधानाने कुशीवर वळले. आठवडाभरात ते गेले.

मी आयुष्यभर लोकांच्या चुका खोडत आले. जाणूनबुजून चुकीचं दिलेलं माझं उत्तर तेवढं एकच, आणि ते मी अजून खोडलेलं नाही.