जवस आणि चार तासांची अट

त्रिवेणीबाई देवणीकर जवस भाजत असल्या की त्यांच्याशी कोणी बोललेलं त्यांना चालत नाही. जाड बुडाची कढई, मंद आच आणि कान कढईकडे. दाणे आधी गप्प असतात. मग एखादा तडतडतो, मग सगळे मिळून गलका करतात. तो गलका विरळ व्हायला लागला की गॅस बंद करायचा. उशीर झाला तर चटणी कडू होते आणि घाई झाली तर दाणा दाताखाली चिवट लागतो. लाल मिरची, लसूण, जिरं, मीठ आणि वाळलेल्या चिंचेचं एक बुटूक, एवढ्यावर त्यांची चटणी होते. डबा आठ दिवसांचाच भरतात. जास्त कुटून ठेवली तर खवट होते, आणि खवट चटणी देण्यापेक्षा त्या "नाही" म्हणणं पसंत करतात. "नाही" म्हणायला त्यांना कधीच जड गेलं नाही.

त्यांचं माहेर उदगीरकडचं. जवसाची चटणी, तिच्यात बोटानं केलेला खळगा आणि त्या खळग्यात कच्चं तेल, हे तिथलं रोजचं खाणं. लग्न होऊन तेलुगू मुलखातल्या शहरात, गौलीगुड्यात आल्या तेव्हा सासरच्यांनी नाकं मुरडली होती. थोरल्या जाऊबाई सावित्रीबाई तर पंगतीत सगळ्यांदेखत म्हणाल्या होत्या, "आमच्याकडं जवसाची पेंड म्हशीला घालतात गं." त्रिवेणीबाईंनी तेव्हा ताटात आणखी एक चमचा वाढून घेतला होता.

पुढे त्या एका सरकारी दवाखान्यात औषधांच्या खिडकीवर लागल्या. एकतीस वर्षं त्या जाळीतून त्यांनी मराठीत, तेलुगूत आणि दखनीत तीनच वाक्यं सांगितली. उपाशीपोटी घ्या. जेवून घ्या. ह्या दोन एकत्र घेऊ नका. निवृत्त झाल्या त्या वर्षी जवसाला बरे दिवस आले होते. पूर्वी हसणारी घरं आता डबे घेऊन दारात येऊ लागली. विद्यानगरला मराठी मंडळाचा लहानसा हॉल आहे. तिथे दर रविवारी सकाळी त्रिवेणीबाई वर्ग घेऊ लागल्या. चटणी, लाडू, केसांना लावायचं जेल आणि रात्री भिजवून सकाळी प्यायचं जवसाचं पाणी. मंडळाचे सचिव एकनाथराव, बँकेतून निवृत्त झालेले, त्यांची ओळख 'आमच्या जवसबाई' अशी करून देत. हे नाव त्यांना आवडत होतं. तसं त्यांनी कोणाला सांगितलं मात्र नाही.

सावित्रीबाई त्रिवेणीबाईंच्याच इमारतीत वरच्या मजल्यावर राहतात. वय सदुसष्ट, थायरॉईडची गोळी बारा वर्षांपासून. उगादीच्या, म्हणजे पाडव्याच्या सुमारास त्यांनी धाकट्या जावेकडून जवस मागून नेला आणि रोज सकाळी पाणी प्यायला लागल्या. म्हशीच्या पेंडीचा विषय दोघींपैकी कोणीच काढला नाही.

उन्हाळा सरता सरता सावित्रीबाईंची चाल मंदावली. जिना चढताना दोनदा थांबायच्या. चेहरा सुजल्यासारखा दिसू लागला आणि कंगव्यात केसांची गुंतवळ निघू लागली. घरातले म्हणाले, वय झालं. त्रिवेणीबाई म्हणाल्या, जवस वाढवा. रोजच्या एका चमच्याचे दोन केले. दर गुरुवारी जेल करून वर पाठवू लागल्या. दोन चमचे जवस दोन पेले पाण्यात उकळायचा, अंड्याच्या पांढऱ्यासारखी तार आली की गरम असतानाच पातळ कापडातून गाळायचं. गार झालं की ते कापडातून उतरतच नाही. सावित्रीबाई ते केसांना नेमानं चोपडत होत्या. केस गळतच होते. मग दोनाचे तीन चमचे झाले.

श्रावणातल्या एका सकाळी साडेसहाला त्रिवेणीबाई रिकामी बाटली आणायला वर गेल्या. सावित्रीबाई स्वयंपाकघरात स्टुलावर बसल्या होत्या. त्यांनी पाकिटातून छोटी पांढरी गोळी काढली, जिभेवर ठेवली आणि जवसाच्या पाण्याचा पेला तोंडाला लावला.

त्रिवेणीबाई दारातच थांबल्या.

"अक्का, गोळी ह्याच्यासोबत घेताय?"

"मग? साध्या पाण्यानं घशात अडकते मेली. ह्या चिकट पाण्यासंगं कशी सुळकन जाते बघ."

"कधीपासून?"

"कधीपासून म्हणजे? तू जवस दिलास तेव्हापासून. उपाशीपोटी घ्यायचं म्हणालीस. गोळीपण उपाशीपोटी. दोन्ही एका घोटात उरकते."

त्रिवेणीबाईंनी पेला हातातून काढून घेतला आणि मोरीत ओतला. सावित्रीबाई ओरडल्या, "अगं वेडी झालीस का? रात्रभर भिजवलाय!"

पुढचं कळायला वेळ लागला नाही. रक्त तपासलं. जो आकडा पाचाच्या आत असायला हवा तो एकोणीसवर गेला होता. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "जवसाचा चिकट चोथा गोळीला धरून ठेवतो. ती अंगाला लागायच्या आत पुढे निघून जाते. दाट शक्यता तीच आहे. गोळी साध्या पाण्यासोबत घ्या, जवस चार तासांनंतर. सहा आठवड्यांनी पुन्हा तपासू." एवढं सांगून त्यांनी पुढच्या पेशंटला हाक मारली.

घरी परतताना रिक्षात त्रिवेणीबाईंनी हिशोब जुळवला. केस गळतात म्हणून त्यांनी जवस वाढवला. जवस वाढला तशी गोळी लागू पडेना. गोळी लागू पडेना म्हणून केस आणखी गळले. मग त्यांनी पुन्हा जवस वाढवला. एकतीस वर्षं दुसऱ्यांना वेळा सांगणाऱ्या बाईला घरात वेळ विचारायचं सुचलं नव्हतं. कारण जवस त्यांच्या लेखी अन्न होतं, आणि अन्नाला कोण वेळ विचारतं? पण जवसाचे गुण सांगताना मात्र त्या त्याला औषधाच्या पंगतीत बसवत होत्या. विद्यानगरच्या वर्गात चाळीसेक बायका वहीत उतरवून घेत: सकाळी, उपाशीपोटी. त्यातल्या कितीजणींच्या उशाशी ती छोटी पांढरी गोळी होती, हे त्यांनी कधी विचारलं नव्हतं.

दहा दिवसांवर मंडळाचा आरोग्य मेळावा होता. प्रमुख कार्यक्रम त्रिवेणीबाईंचा. हॉलच्या दारावर मोठा फलक लागला होता. त्यावर त्यांचा हसरा फोटो आणि खाली लाल अक्षरांत, 'जवस घ्या, गोळ्यांना रामराम करा!'

त्या थेट एकनाथरावांच्या टेबलापाशी गेल्या.

"हा फलक उतरवा."

"का हो? फोटो चांगला नाही आला?"

"फोटो चांगला आलाय. खालचा मजकूर खोटा आहे."

घडलेलं त्यांनी सांगितलं. सावित्रीबाईंचं नाव घेतलं नाही, 'घरातली एक बाई' म्हणाल्या. एकनाथरावांनी चष्मा काढून पुसला.

"डॉक्टर शक्यताच म्हणाले ना? सिद्ध कुठं झालंय?"

"शक्यतेवरच तर तुम्ही गोळ्यांना रामराम करायला सांगताय."

"बाई, लाइट घ्या, एवढं मनावर घेऊ नका. आरोग्य मेळावा आहे, वैद्यकीय परिषद नाही."

"म्हणूनच सांगते. परिषदेत लोक शंका काढतात. इथं वही उघडून बसतात."

"तीनशे लोक यायचेत. पाहुणे बोलावलेत. आता ऐनवेळी तुम्ही अपशकुन करणार असाल तर..." एकनाथरावांनी वाक्य अर्धवट सोडलं. उरलेलं अर्धं दोघांनाही कळलं. हॉल मंडळाचा होता आणि रविवारचा वर्ग एकनाथरावांच्या मर्जीवर चालत होता. निवृत्तीनंतर त्रिवेणीबाईंना घराबाहेर कोणी ओळखत असेल तर ते त्या दीड तासामुळे.

रसिकाचं म्हणणं वेगळं होतं. ती पुण्याची, सॉफ्टवेअर कंपनीत नोकरीला, त्रिवेणीबाईंच्या वर्गाचे व्हिडिओ काढून नेटवर तीच टाकायची. "काकू, तुम्ही जरूर सांगा. पण शेवटी, छोटंसं. आधी जेल दाखवा. सुरुवातच निगेटिव्ह झाली की लोक स्क्रोल करून पुढे जातात."

"जाऊ देत."

"तुमचं नाव खराब होईल हो. म्हणतील, काकूंनीच घरातल्या माणसाला आजारी पाडलं."

"पाडलंच."

सगळ्यात अवघड गेल्या त्या सावित्रीबाई. "माझं नाव काढलंस तर बघ," त्या म्हणाल्या. "गावभर होईल, म्हातारीला गोळी गिळायची अक्कल नाही."

"अक्कल मला नव्हती, अक्का."

"ते तू तुझ्या नावानं सांग."

मेळाव्याच्या दिवशी फलक तसाच होता. त्रिवेणीबाई अर्धा तास आधी आल्या. पिशवीतून एक कोरा कागद आणि चिकटपट्टी काढली आणि 'गोळ्यांना रामराम करा' ह्या अक्षरांवर तो कागद डकवून टाकला. एकनाथराव पाहत होते. मग आलेल्या पाहुण्यांना घेऊन ते आत गेले.

टेबलावर शेगडी, कढई, जेलची बाटली, सगळं मांडलेलं होतं. त्रिवेणीबाईंनी त्यातल्या कशालाच हात लावला नाही.

"आधी ऐका, मग भाजू," त्या म्हणाल्या. "मी तुम्हाला जवसाचं पाणी उपाशीपोटी घ्यायला सांगितलं. ते अर्धवट सांगितलं. माझ्या सांगण्यावरून एका बाईनं थायरॉईडची गोळी त्याच पाण्यासोबत घेतली, पाच महिने. गोळी लागू पडली नाही. बाई आजारी पडली. थायरॉईडची गोळी साध्या पाण्यासोबत घ्यायची आणि तिच्यानंतर चार तास जवसाला हात लावायचा नाही. दुसरी कुठलीही गोळी चालू असेल, रक्त पातळ करायची तर नक्कीच, तर आधी डॉक्टरांना विचारा, मग माझ्याकडे या. जवस चांगला आहे. तो औषधाच्या जागी नाही. ज्यांनी माझं ऐकून गोळी बंद केली असेल त्यांनी हात वर करा."

सभागृहात कुजबुज झाली. हात एकच वर आला, भीतभीत. मग मागच्या बाजूनं दुसरा. मग खिडकीजवळून तिसरा, एका पुरुषाचा.

"उद्या डॉक्टरकडे जायचं," त्रिवेणीबाई म्हणाल्या. "तिघांनीही."

पुढच्या रांगेतल्या एका बाईंनी विचारलं, "पण ती बाई कोण होती?"

तिसऱ्या रांगेत सावित्रीबाई बसल्या होत्या. त्यांनी पदर नीट केला आणि छताच्या पंख्याकडे पाहिलं.

"ती कोण ह्याच्याशी तुम्हाला काय करायचंय? तिला सांगणारी कोण होती ते विचारा. ती मी."

मग त्यांनी शेगडी पेटवली आणि जवस भाजला. त्या दिवशी कढईकडे कान देणं काही जमलं नाही, चटणी किंचित कडू झाली. त्यांनी तेही सांगून टाकलं.

पुढच्या शनिवारी मंडळाच्या ग्रुपवर निरोप आला: 'तांत्रिक कारणास्तव रविवारचा जवस वर्ग पुढील सूचनेपर्यंत बंद.' त्या वेळेला झुंबा सुरू झाला. रसिकानं मेळाव्याचा व्हिडिओ टाकला तो फक्त चटणीचा. त्रिवेणीबाईंनी फोन केला. "सगळा टाक, नाहीतर काढून टाक." रसिकानं दोन दिवस विचार केला आणि सगळा टाकला. एरवी हजारो जण बघायचे, हा तीनशे जणांनी पाहिला. खाली कोणीतरी लिहिलं होतं, 'औषध कंपन्यांनी काकूंना विकत घेतलं.' त्रिवेणीबाईंनी ते वाचून विचारलं, "किती दिले म्हणे?"

वर्ग गौलीगुड्याच्या स्वयंपाकघरात सुरू झाला. पहिल्या रविवारी नऊजणी आल्या. बसायला जागा पुरेना, दोघी जिन्यात बसल्या. आलेल्या प्रत्येकीला त्रिवेणीबाई आधी चालू गोळ्यांची नावं विचारत आणि वहीच्या पहिल्या पानावर लिहायला लावत. एक बाई वर्ग संपल्यावरही रेंगाळली. सगळ्या गेल्यावर हळूच म्हणाली, "आता खरं सांगा ना ताई. खरा डोस किती? तुम्ही मुद्दाम लपवताय, असं बोलतात."

"एक चमचा, भाकरीसोबत," त्रिवेणीबाई म्हणाल्या. "ह्याला डोस म्हणत नाहीत, घास म्हणतात." बाईचं समाधान झालेलं दिसलं नाही. पण पुढच्या रविवारी ती पुन्हा आली.

सहा आठवड्यांनी सावित्रीबाईंचा आकडा साडेसातवर आला. पाचाच्या आत अजून नाही. जिना त्या आता एकदाच थांबून चढतात. केस गळायचे थांबलेले नाहीत, कमी झालेत. गोळी पहाटे सहाला घेतात आणि दहा वाजले की वरून ओरडतात, "झाले गं चार तास! चटणी पाठव."

डिसेंबरात एकनाथरावांचा फोन आला. झुंब्याला गर्दी टिकली नव्हती. जुन्या बायका जवसबाईंबद्दल विचारत होत्या.

"हॉल पुन्हा देतो. तीच वेळ, तोच रविवार. फक्त तो किस्सा तेवढा काढू नका. लोक घाबरतात."

"हॉल द्या. पण सुरुवात त्या किश्श्यानंच होईल, दर रविवारी," त्रिवेणीबाई म्हणाल्या. "तुम्हाला ऐकवत नसेल तर पहिली दहा मिनिटं बाहेर बसा. मी चहा पाठवते."