धुऱ्यावरची तूर

गणिताच्या स्पर्धेला तुमसरला वर्गातून एकच पोरगी जाणार होती. फळ्यावर जिची संख्यारेषा बरोबर, ती. माझ्या नातीचं घोडं त्या रेषेवरच्या गोलापाशी अडलं होतं. तो कधी भरायचा आणि कधी पोकळ ठेवायचा?

मी पदर खोचून सरसावले. गणित नाही, पण रांगोळी तर येते! सारवलेल्या अंगणात लांब रेघ ओढली, आकडे तिनं टाकले. "क्ष तीनपेक्षा मोठा," म्हणत तिनं तीनवर गोल काढला, उजवीकडे बाण ओढला. मी चटकन गोलात कुंकू टाकलं.

"आजी! काहून भरला? तीन आत आला ना!"

"दारासमोर रिकामा गोल ठेवते का कोणी?"

पोरगी रडकुंडीला आली. कुंकू पुसता पुसता मला माझी जुनी अक्कल आठवली आणि हसूच फुटलं. मग तिलाही सांगितली.

नवी नवरी होते. आमच्या धानाच्या बांधीला, शेताच्या त्या चौकोनी तुकड्याला, दोन बाजूंना मातीच्या बांधाचे दोन धुरे, दोन्हींवर तुरीच्या शेंगा लटकलेल्या. या महाराणीनं कोणाला न विचारता दोन्ही धुरे साफ केले आणि टोपलं डोक्यावर घेऊन ऐटीत घरी! मागून शेजारीण बोंबलत. सासू म्हणाली, "अवो बाई, उगवतीचा धुरा आपला, मावळतीचा त्यांचा! बांधी त्याच्या पुढून सुरू होते." अर्धं टोपलं परत पोचवायला मलाच जावं लागलं. पारावरची माणसं शेंगांचा भाव विचारत होती.

नात हसता हसता थांबली. "म्हणजे तीनचा धुरा शेजाऱ्याचा, गोल पोकळ! आणि 'सात किंवा त्याहून लहान' असलं तर सातचा धुरा आपला?"

"आपलाच तर!"

ती घरात पळाली, डब्यातली मूठभर तूर आणून सातच्या गोलात ओतली. मग आम्ही दोघींनी अख्खं अंगण धुऱ्यांनी भरून टाकलं. सुनेला तुळशीपाशी जायला वाट उरली नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी ती गल्लीच्या तोंडापासूनच ओरडत आली. "आजी, माझा नंबर लागला!" सरांनी विचारलं होतं, तीनचा गोल पोकळ का? ही म्हणाली, "सर, ती तूर शेजाऱ्याची."

तुमसरला सोबत मी जाणार आहे. नातीनं आत्ताच बजावलंय, "वाटेत धुरे लागतील आजी, हात नोको लावजो!"