कॅमेऱ्याकडे बघणारा वेल्डर

दोह्यातला माझा वरिष्ठ एडिटर इंग्रज होता. लंडनमध्ये फिल्मच्या पट्ट्या ब्लेडने कापत आणि टेपने चिकटवत म्हातारा झालेला. त्याने एडिट केलेले सिनेमे मी शिकत असताना पुन्हा पुन्हा पाहिले होते, त्यामुळे पहिल्या दिवशी त्याच्या पाया पडायचंच काय ते मी बाकी ठेवलं. दुसऱ्या दिवसापासून मात्र आमचे खटके उडू लागले.

त्याचा एक नियम होता. ज्याने कॅमेऱ्यात पाहिलं, तो गेला. शॉट कितीही चांगला असो, उडवायचा. याच नियमावर आपण आयुष्यभर टिकलो, असं तो अभिमानाने सांगायचा.

रास लफानच्या गॅस प्रकल्पातल्या कामगारांवरची फिल्म त्याने मला दिली आणि बजावलं, ही नीट झाली तर नोकरी पक्की, नाहीतर परतीचं तिकीट. त्यात रायगडचा एक वेल्डर जेवणाच्या सुट्टीत डबा उघडतो, भात कालवतो आणि घास उचलण्याआधी सरळ कॅमेऱ्याकडे बघून म्हणतो, "या जेवायला." मला इतकं बरं वाटलं म्हणून सांगू! डब्यात एकापुरतंच असलं तरी समोर माणूस दिसला की आपल्या तोंडून हे निघतंच. त्याच्या लेखी कॅमेरामन म्हणजे जेवणाच्या वेळी आलेला माणूस, बस्स.

म्हाताऱ्याने पाहिलं आणि म्हणाला, "खराब शॉट. काढ."

मी काढला नाही. त्याने स्वतः काढला. मी परत घातला.

"तो जेवायला बोलावतोय आणि तुम्ही त्यालाच हाकलताय," मी म्हटलं. "नाही काढणार. माझं तिकीट काढायचं तर खुशाल काढा."

"बरं," तो म्हणाला, "कामगारांनाच दाखवू. ते हसले तर शॉट जाईल, आणि तूही."

अल मुंतझातल्या घरी जाऊन मी माळ्यावरची बॅग खाली काढली. भीती वाटत होती, पण नमतं घ्यायचं नव्हतं.

बरवा अल बराहा या कामगारांच्या वसाहतीत पडदा लावला. वेल्डरने वर पाहिलं. "या जेवायला." अंधारातून कोकणातले चार-पाच जण एकदमच म्हणाले, "होऊ द्या, सावकाश होऊ द्या!" कोणीही हसलं नाही.

"काय म्हणतायत ते?" म्हाताऱ्याने विचारलं.

"त्याला उत्तर देतायत. तुम्ही आजवर कापलेल्यांपैकी किती जण असेच कोणाशी तरी बोलत होते, कधी विचार केलात?"

तो पुन्हा पडद्याकडे वळला. मग पुटपुटला, "शॉट राहू दे."

नोकरीचं मी विचारलंच नाही.