कवळीवाले आणि नावाडी

मंगळवार, ९ ऑक्टोबर. सकाळी ढगाळ, दुपारी ऊन. खालची कवळी डाव्या बाजूला टोचते म्हणून कवळीवाल्यांकडे गेले. त्यांच्या मुलीचा, ठमीचा, फोन येऊन गेला होता. या वर्षीही तिचं येणं जमत नाही. कवळी घासून मिळाली. ते टीव्हीवर फासे खेळत होते. हरले.

त्या दिवशी वहीत एवढंच लिहिलं. पण कवळीवाल्यांविषयी एवढंच लिहून भागणार नाही.

ते आमच्याच इमारतीत तळमजल्यावर राहतात. पुढची खोली म्हणजे त्यांचा कारखाना. डॉक्टर लोक तोंडाचे ठसे घेऊन पाठवतात, हे त्यात प्लास्टर ओततात, मेणाच्या हिरड्या करतात, त्यात एकेक दात बसवतात. फळ्यांवर जबडे ओळीने मांडलेले. अर्ध्या गावाचं हसू त्यांच्या हातून गेलेलं आहे, आणि कोणाचं खरं व कोणाचं खोटं हे ठाऊक असूनही हा माणूस कधी चकार शब्द बोलला नाही. ठमी शाळेत असतानाच तिची आई गेली. ठमीला त्यांनी एकट्याने वाढवली, वेण्या घातल्या, गणितं शिकवली. मुलगी शिकली आणि समुद्रापलीकडे नोकरीला गेली. त्याला आता बरीच वर्षं झाली. दर रविवारी तिचा फोन येतो. "बाबा, जेवलात? बरे आहात ना? ठेवते हं." संपलं.

त्या मंगळवारी माझी कवळी त्यांच्या यंत्रावर होती आणि मी बोळक्या तोंडाने खुर्चीत. दात बाहेर असताना बोलायचं नाही असा माझा नियम आहे. बाजूला कुणाच्या तरी ठशात प्लास्टर ओतलेलं होतं. ते घट्ट व्हायला वेळ लागतो, आणि तेवढ्या वेळात हात रिकामा राहतो. कवळीवाल्यांनी पांढऱ्या एप्रनला हात पुसले, गोल चष्मा नाकावर सरकवला, टीव्ही लावला आणि ठमीच्या जुन्या गेमचा कंट्रोलर हातात घेतला.

तो खेळ मारामारीचा असेल असं मला वाटलं होतं. तसा तो नव्हता. त्यात आपण कुणीतरी एक व्हायचं, गावोगाव हिंडायचं, लोकांशी बोलायचं, त्यांची कामं करायची. पडद्यावर एक तलवारवाली मुलगी बंदरावरच्या खानावळीच्या दारात उभी होती. तिच्या डोक्यावर नाव होतं, ठमी. ती आत गेली, एका दाढीवाल्या नावाड्यासमोर बसली, पिशवीतली सगळी नाणी टेबलावर ओतली आणि फासा टाकू लागली.

खेळ साधा. एकच फासा. आपली पाळी आली की हवं तितक्या वेळा टाकायचा, पडेल ते जमा होत जातं. मनात येईल तेव्हा थांबायचं, की ते आपल्या खात्यात. पण मध्येच एक पडला, तर त्या पाळीचं सगळं गेलं आणि पाळी दुसऱ्याची. आधी शंभर करेल तो जिंकला.

कवळीवाले थांबतच नव्हते. अठरा झाले, टाकला. पंचवीस झाले, टाकला. तिसाच्या घरात गेले आणि पडला एक. नावाडी मात्र दहाबारा झाले की थांबायचा, आणि मुंगीच्या पावलाने शंभराला पोचायचा.

माझ्याने राहवेना. नियम मोडला. "अहो, थांबा की जरा!"

"अर्धं काम सोडायची सवय नाही, काकू."

"हे काम नाही, जुगार आहे. जुगारात अर्ध्यावर उठतो तोच शहाणा."

त्यांनी मान वळवून पाहिलं. "तुम्हाला काय माहीत जुगारातलं? तुम्ही तर सिस्टरांच्या शाळेतल्या."

"सिस्टर म्हणायच्या, पत्ते म्हणजे सैतानाची पोथी. लग्न झाल्यावर आमच्या ह्यांनी ती पोथी माझ्याकडून पाठ करून घेतली."

ते हसले. पण तेवढ्यात नावाड्याचे शंभर झाले. ठमीची पिशवी रिकामी. कवळीवाल्यांनी मुकाट्याने टीव्ही बंद केला आणि माझी कवळी घासायला घेतली.

दोन दिवसांनी मी पुन्हा गेले. या वेळी कवळी टोचत नव्हती. पडद्यावर तीच मुलगी, त्याच खानावळीच्या दारात, तीच पिशवी भरलेली.

"परवा तर सगळं घालवलं होतंत?"

"सेव्ह करत नाही ना मी. बंद केलं की पुन्हा पहिल्यासारखं."

"मग करावं. जिंकलात की सेव्ह, हरलात की बंद करून पुन्हा सुरू. असं करत गेलं तर मांजरसुद्धा जिंकेल."

 कवळीवाल्यांनी खेळ बंद करून पुन्हा सुरू केला आणि पहिलाच पडदा मला दाखवला. त्यावर ठमीचं नाव होतं, खाली एक तारीख आणि वेळ. "ही तिची निघायच्या दिवसाची सकाळ. सामान दाराशी, गाडी यायची होती, आणि ही बसली खेळत. मी ओरडलो तेव्हा इथे सेव्ह करून उठली. या खेळात एकाच नोंदीला जागा आहे, काकू. मी सेव्ह केलं की माझी तारीख येणार. तिची जाणार."

 आमच्याकडे रेडिओचा काटा ह्यांनी जाण्याआधी लावला होता तिथेच आहे. त्यामुळे मला एकच केंद्र ऐकायला मिळतं, आणि तिथे दुपारभर शेअर बाजाराचे भाव सांगतात. तरी मी तो हलवलेला नाही.

"पण मग खेळता तरी कशाला?" मी विचारलं.

"जाताना म्हणाली, बाबा, बेटावरच्या दीपगृहात तुमच्यासाठी गंमत ठेवली आहे. नावाड्याला हरवा आणि या. त्याला हरवलं तरच तो पलीकडे नेतो. येताना फुकट आणतो."

"फोनवर विचारायचं तिला, कसं हरवायचं ते."

"समजा विचारलं, आणि ती म्हणाली, कसली गंमत?" ते कंट्रोलरकडे पाहत म्हणाले. "तर?"

त्या 'तर'मधलं मला कळत नव्हतं. पण फाशातलं कळत होतं. मी म्हटलं, "मग एका बैठकीत जिंकू. सेव्ह न करता. बघू कसा नेत नाही तो!"

मग आमची शिकवणी सुरू झाली. प्लास्टर ओतलं की कवळीवाले वरती हाक मारायचे, "काकू, ओतलं हो!" आणि मी गुडघ्यांना समजावत खाली उतरायचे. शेजारच्या शिवणवाल्या बाई एकदा जिन्यात म्हणाल्या, "तुमचे दात भारीच टोचतायत हल्ली." मी म्हटलं, "वय झालं, हिरड्या हट्टी झाल्या."

पहिली गोष्ट मी त्यांच्या डोक्यात भरवली ती विसाची. फाशाला सहा बाजू. एक बाजू वैऱ्याची, पाच आपल्या. त्या पाच बाजूंवर दोन, तीन, चार, पाच, सहा. बेरीज वीस. म्हणून हातात विसापेक्षा कमी असेल तर टाकावा, मिळण्यासारखं जास्त आहे. वीस झाले की थांबावं, आता घालवण्यासारखं जास्त आहे. कवळीवाल्यांनी पेन्सिलीने एका जुन्या जबड्याच्या तळाला वीस लिहून टीव्हीवर ठेवला.

दुसरी गोष्ट, पिशवी एकदम ओतायची नाही. नावाडी मोठी बोली मागतो, आणि तिथे एकदा हरलं की खेळ खलास. त्याच खानावळीत कोपऱ्यात एक शिपाई बसायचा. तो छोट्या बोलीवर खेळायचा आणि कवळीवाल्यांसारखाच, कधी थांबायचा नाही. "आधी त्याच्याकडून पिशवी फुगवा," मी म्हटलं. "दोनदा हरलात तरी नावाड्यापुढे बसायला उरलं पाहिजे."

"बिचारा शिपाई," कवळीवाले म्हणाले. "माझाच भाऊ तो."

"भावाला लुटायला काय होतं? जगात तेच चालतं."

तिसरी गोष्ट मात्र सांगूनही त्यांना पटत नव्हती. वीस हा नियम सरळ डावासाठी. समोरचा शंभराच्या तोंडाशी आला असेल तर विसाला थांबून काय उपयोग? तुम्ही थांबलात की पुढच्या पाळीत तो संपवणार. तेव्हा मागे पाहायचं नाही. पण इतकी वर्षं न थांबणारा माणूस एकदा थांबायला शिकला, की त्याला थांबू नको म्हणणं अवघड. कवळीवाले दोनदा असे हरले. वीस झाले, अंगठा आपोआप 'थांब'वर गेला, आणि नावाड्याने पुढच्या पाळीत उरलेले चारसहा करून टाकले.

"तुम्हीच म्हणालात वीस!"

"मी म्हणाले डोकं वापरा. वीस हे त्यातलं एक."

मधल्या एका रविवारी ठमीचा फोन माझ्यासमोर आला. "हो, जेवलो. हो, बरा आहे. तू?" मग पलीकडून काहीतरी घाईचं, आणि फोन बंद. ते टीव्हीकडे पाहत राहिले. पडदा काळा होता.

शेवटी तो दिवस आला. डॉक्टरांचं मोठं काम होतं, वरचा आणि खालचा, दोन्ही ठसे ओतलेले. शिपायाला आम्ही चांगलाच धुतला. नावाड्यापुढे पहिला डाव हरलो, पण पिशवीत पुरेसं उरलं होतं. दुसऱ्या डावात नावाडी चौऱ्याण्णव, ठमी एकाहत्तर, आणि पाळी आमची.

सहा. पाच. चार. सहा. हातात एकवीस. कवळीवाल्यांचा अंगठा हलला आणि मी त्यांचं मनगट धरलं.

"सोडा, काकू. ब्याण्णव होतात."

"आणि त्याला सहा हवेत. तो ते करणारच. टाका."

"एक पडला तर?"

"तर उद्या पुन्हा शिपाई आहेच. टाका म्हणते ना!"

चार पडले. त्यांनी डोळे मिटून घेतले आणि पुन्हा टाकला. डोळे मिटलेले असताना पाच पडले हे मीच त्यांना सांगितलं.

नावाडी उठला, दाढी खाजवत काहीतरी पुटपुटला आणि दोरी सोडली. समुद्र साधाच होता, निळा कागद सुरकुतल्यासारखा. कवळीवाले खुर्चीच्या कडेला आले होते. बेट आलं. पायऱ्या चढून ठमी दीपगृहाच्या वरच्या खोलीत गेली.

खोलीत एक चूल, एक कंदील आणि खिडकीशी गवताचं बुजगावणं. त्या खेळात लढाईचा सराव करायला अशी बुजगावणी मिळतात, त्यांना कपडे घालता येतात. याला तिने पांढरा एप्रन घातला होता आणि नाकावर लोहाराचा गोल चष्मा. खिडकीतून समुद्र दिसेल असं त्याला उभं केलं होतं. शेजारी एक रिकामं स्टूल.

कवळीवाल्यांनी चष्मा काढून पुसला आणि पुन्हा लावला. मग म्हणाले, "पोट जरा कमी घेतलंय."

"मुलगी आहे. बापाला झाकूनच दाखवणार."

त्यांनी एक बटण दाबलं आणि ठमी स्टुलावर बसली. पुढे काही घडण्यासारखं नव्हतं. लाटा येत होत्या. दोघं खिडकीतून बाहेर पाहत होती आणि आम्ही त्यांच्या पाठीकडे. मागच्या टेबलावर प्लास्टर केव्हाच घट्ट होऊन गेलं होतं. ते ठशातून नीट सुटणार नाही, हे त्यांना माझ्याआधी कळलेलं असणार. पण ते उठले नाहीत.

शेवटी बाहेर पडायचं बटण दाबलं तेव्हा पडद्याने विचारलं, नोंद ठेवायची का? हो, नाही. कवळीवाल्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी पदर सारखा करत बसले. हे मला सांगता येण्यासारखं नव्हतं. 'हो' म्हटलं तर ठमी बुजगावण्याशेजारी कायमची बसणार होती, पण निघायची ती सकाळ पुसली जाणार होती.

त्यांनी 'नाही' दाबलं. मग रविवार नसताना फोन लावला. तिकडे बहुतेक पहाट होती.

"बाबा? काय झालं? बरे आहात ना?"

"बरा आहे. ठमे, तो नावाडी..."

"हरवलात? अहो, खरंच? चष्मा पाहिलात त्याचा? तो चष्मा मिळवायला मला महिना लागला होता! बाबा? ऐकताय ना?"

 फोन कवळीवाल्यांनी कानाला असा लावला होता, की तिचा एक शब्दही बाहेर सांडू नये. तरी मला ऐकू येतच होतं.

"सेव्ह केलंत ना?"

"नाही."

"अहो बाबा! मग सगळं गेलं की! पुन्हा पहिल्यापासून!"

"असू दे. तू आलीस की तुझ्यासमोर हरवतो त्याला. आता येतं मला. वरच्या काकूंनी शिकवलंय."

 मग ती म्हणाली, "बघते रजेचं." आणि थोड्या वेळाने पुन्हा, "बघते हं, बाबा."

ठेवते म्हणाली नाही. बराच वेळ दोघांनीही फोन ठेवला नाही. मी हळूच उठले आणि दार लोटून वर आले. जिना चढताना खालून ठशातलं प्लास्टर फोडल्याचा आवाज आला, आणि मग वाडग्यात नवं प्लास्टर कालवल्याचा. त्यांनी हाक मारली नाही. मीही थांबले नाही.

संध्याकाळी वहीत एवढंच लिहिलं: स्वयंपाकघरातला नळ गळतो. वॉशर बदलायला प्लंबरला निरोप ठेवला, तोवर खाली पातेलं लावलं आहे.