बेटावरच्या बागेतलं फुरसं

खाडीच्या तोंडाशी एक बेट आहे आणि त्यावर समुद्राकडे तोंड करून उभा असलेला चिऱ्याचा जुना बंगला. जहाजांच्या धंद्यात पैसा केलेल्या कुणा व्यापाऱ्याने तो बांधला. त्याचे वारस मुंबईला असतात. आम्ही नवरा-बायको तिथेच राहून बंगला सांभाळायचो. सुट्टीला उतरणाऱ्या पाहुण्यांचं जेवण माझ्याकडे, बाग यांच्याकडे. बाग बंगल्यापासून खालच्या खडकांपर्यंत टप्प्याटप्प्याने उतरत जाते. प्रत्येक टप्प्याला चिऱ्याचा गडगा, म्हणजे बुटकी भिंत, वर चाफे, अबोली, सुरंगी. पाहुणे तिथे फोटो काढत बसायचे. मला मात्र तिकडे पाऊल टाकायची भीती वाटायची, कारण गडग्याच्या फटीत फुरशी असायची, हातभर लांबीचे पण जहाल विषारी साप.

दिवाळीनंतर पुण्याचं एक जोडपं उतरलं होतं. दुपारी मी सोलकढीसाठी नारळाचा रस गाळत होते. हे मागच्या पायरीवर येऊन बसले, उजवा हात डाव्या हाताने धरून.

"फुरसा," ते म्हणाले. "ढासळलेलो चिरो लावी होतंय. तेच्या खाली होता."

बोट आताच सुजायला लागलं होतं. मी खाडीकडे बघितलं. ओहोटी लागलेली, मधली वाळू उघडी पडत होती.

"पाणी गेला. आता होडी खंय नेतलंस? भरती येयसर थांबूया," हे म्हणाले.

"थांबूचा नाय. तुमी गप बसा," मी म्हटलं. त्यांच्याशी मी असं कधी बोलले नव्हते.

पुण्याचे पाहुणे बायकोसह धावत आले. त्यांच्या बायकोला मी किनाऱ्यावरच्या रिक्षावाल्याचा नंबर दिला आणि त्याला पलीकडच्या धक्क्यावर उभं राहायला सांगा म्हटलं. पाहुणे आमच्याबरोबर होडीत चढले. वल्हं मी घेतलं.

अर्ध्या खाडीत होडी वाळूत रुतली. पाहुणे आणि मी खाली उतरून ढकलायला लागलो. होडी हातभर सरकायची आणि परत बसायची. यांनी कडेला वाकून थुंकलं. थुंकी लाल होती. मी बघितलं हे त्यांनी बघितलं आणि पटकन तोंड पुसलं.

"गप रव गो. माका काय होवचा नाय," ते म्हणाले. मी तर एक शब्दही बोलले नव्हते.

"ताई, तिकडे बघू नका. ढकला," पाहुणे म्हणाले.

होडी सुटली.

सरकारी दवाखान्यात डॉक्टरांनी काचेच्या नळीत रक्त काढून ठेवलं. ते गोठेना. लगेच सलाईनमधून सापाच्या विषावरची लस सुरू झाली. पाहुणे चिखलाने भरलेल्या पँटनिशी बाकावर बसून राहिले, एकदाही घड्याळ न बघता. दुसऱ्या दिवशी हिरड्यांतलं रक्त थांबलं, तेव्हा मी पहिल्यांदा रडले.

दवाखान्यातून सोडल्यावर हे म्हणाले, "चल, बेटार जावया. झाडा सुकली असतली."

"तुमी जावा. मी येवचंय नाय."

मग आम्ही खाडीपलीकडे आचऱ्याला माझ्या माहेराजवळ खोली घेतली. मी एका खानावळीत स्वयंपाक करते. हे सकाळी बेटावर जातात, पायात गमबूट घालून. तेवढं त्यांनी ऐकलं. परत यायला उशीर झाला की मी फोन करत नाही, त्यांना राग येतो. खानावळीचा गॅस बंद करते आणि धक्क्यावर जाऊन उभी राहते.